बारा वर्गसोबती, एक शब्दकोडं आणि एक रिकामं घर

गोदाकाठची (गंगाखेड)

नमस्कार. शब्दकोडी स्वतः तयार करणारं कोणी इथे असेल तर मदत हवी आहे. थोडं लांबण लागेल, पण माणसं कोण होती ते सांगितल्याशिवाय प्रश्न सांगता येणार नाही.

आमचा वर्ग १९७४ चा, जुन्या अकरावीचा. पन्नास वर्षं उलटून गेल्यावर आता कुठे मेळावा ठरलाय, दिवाळीनंतरच्या रविवारी. मी गावातच राहिले आणि पोस्टात ३८ वर्षं काढली, त्यामुळे पत्ते जमवायचं काम आपसूक माझ्याकडे आलं. ४१ जणांची यादी झाली. त्यातल्या बारा नावांआधी 'कै.' लिहावं लागलं.

मेळाव्यातली श्रद्धांजली कशी उरकतात ते सगळ्यांनी पाहिलंय. नावं भराभरा वाचायची, दोन मिनिटं उभं राहायचं, मागे जेवणाची भांडी वाजत असतात, की बसायचं खाली. माझ्या वर्गातली माणसं अशी उरकलेली मला बघवणार नाहीत.

आमच्या मराठीच्या सरांचा शनिवारचा शेवटचा तास असायचा. सकाळची शाळा. सर फळ्यावर खडूनं सात बाय सातची चौकट आखायचे. पहिला शब्द कायम सोपा: "जनाबाईचं गाव, चार अक्षरं." अख्खा वर्ग ओरडायचा, गंगाखेड! मग "नामदेवांचं गाव, दोन." "समर्थांचं जन्मगाव, दोन." "गोरोबाकाकांचं गाव, दोन." नर्सी, जांब, तेर. मराठवाड्याचा नकाशा माझ्या डोक्यात बसला तो असा, चौकोनांतून. आणि नियम कडक. एका घरात एक अक्षर, ते कान्यामात्रेसकट. आडव्या शब्दात 'वि' आला आणि उभ्याला 'वी' लागत असला तर दोन्ही पुसायचे. कवी दीर्घ, कविता ऱ्हस्व, हे मी व्याकरणाच्या पुस्तकातून शिकलेच नाही. घरी वडिलांचं सगळं शिक्षण निजामाच्या राज्यात उर्दूतून झालेलं. ते रात्री माझ्या वहीतलं कोडं उतरवून घ्यायचे आणि कंदिलाजवळ बसून सोडवायचे. 'गांव' वरचा अनुस्वार त्यांनी शेवटपर्यंत सोडला नाही.

तर माझ्या मनात आलं, बारा जणांचं एक कोडं करावं. प्रत्येकाचा एक शब्द. छापून सगळ्यांना वाटायचं, खुणा मोठ्यानं वाचायच्या, सभागृहानं उत्तर द्यायचं.

सहा जणांचे शब्द चटकन सुचले, ते इथे लिहीत नाही. दोन जवळपास पक्के आहेत. एक परभणी-परळी मार्गावर रेल्वे फाटकावर होता. रात्रीच्या गाडीच्या दारातून आम्ही त्याला हाक मारली की हातातला कंदील डोक्याच्या वर धरायचा. त्याचा शब्द 'कंदील'. दुसरा तहसीलमध्ये कारकून. म्हाताऱ्या बायका निराधारच्या पगाराचा अर्ज घेऊन यायच्या, तो ते दुपारच्या सुट्टीत स्वतः भरून द्यायचा. त्याचा 'तहसील'.

अडतंय ते चौघांपाशी.

एक परळीच्या थर्मलमध्ये होता. रात्रपाळी करून सकाळी गंगाखेडला यायचा आणि तसाच, न झोपता, आईला दवाखान्यात न्यायचा. असं चार वर्षं. त्याच्या सायकलच्या सीटवर बारीक राख असायची, हातानं झटकून मला डबलसीट बसवायचा. पहिला शब्द मला 'राख' सुचला. त्याची बायको मेळाव्याला येणार आहे. तिच्यासमोर हे उत्तर कसं घेऊ?

दुसरा प्राथमिक शिक्षक. किल्लारीजवळच्या एका गावात होता. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे तो आणि त्याची बायको घराखाली गेले. आदल्या रात्री गणपती विसर्जन करून झोपलेलं गाव. मुलगा परभणीला वसतिगृहात होता म्हणून राहिला. तो मुलगा येणार आहे. मास्तर पहिलीच्या पोरांना जमिनीवर चिंचोके मांडून बाराखडी शिकवायचा. 'बाराखडी' शब्द चांगला आहे, पण चौकटीत कुठे घालावा कळत नाही. आणि खुणेत १९९३ घ्यायचं का? माझं मन नाही म्हणतं.

तिसरा शिंपी. 'कात्री' लिहिलं आणि खोडलं. कात्री तर प्रत्येक शिंप्याची.

चौथी मुलगी. तिला मी पोस्टकार्ड पाठवलं होतं, एका जुन्या पत्त्यावर. ते 'मयत' असा शेरा मारून परत आलं. असा शेरा मी नोकरीत कित्येक पाकिटांवर पाहिला, हे कार्ड मात्र हातातून खाली ठेववेना. कारण तिचं मला काहीही आठवत नाही. दहावीत होती, बहात्तरच्या दुष्काळात शाळेतून गेली. बाकावर कुठे बसायची, आवाज कसा होता, काही नाही. सात जणांना फोन केला. "होती बघ एक", याच्या पुढे कोणी गेलं नाही. बाराव्या शब्दाची घरं मी रिकामी ठेवली आहेत. किती ठेवायची तेही माहीत नाही.

आडवेउभे (छत्रपती संभाजीनगर)

ताई, एका पाक्षिकासाठी मी बरीच वर्षं कोडी करतोय. आधी चौकटीचं बोलतो.

सात बाय सात, काळी घरं दोन्हीकडे सारखी, हा हट्ट सोडा. जगातलं पहिलं छापील शब्दकोडं आर्थर विन यांनी २१ डिसेंबर १९१३ च्या 'न्यूयॉर्क वर्ल्ड' मध्ये दिलं, ते हिऱ्याच्या आकाराचं होतं. त्यात काळी घरं नव्हतीच, मधोमध जागा मोकळी होती. तुमचे बारा शब्द जसे एकमेकांना लागतील तसं जाळं वाढू द्या, कागदावर ते वेडंवाकडं दिसलं तरी चालेल. एकच पथ्य पाळा: एकही शब्द सुटा राहता कामा नये. प्रत्येकाचं निदान एक अक्षर दुसऱ्या कोणाच्या तरी शब्दात असलंच पाहिजे.

माणसांची नावं उत्तरात घेत नाही आहात हे उत्तम. नाव ओळखायला लावलं तर ज्याला माहीत तो एकदाच बोलतो आणि संपतं. 'कंदील' ओळखायला लावलं की चार जण बोलतील.

मराठीत जुळणी अडते ती मात्रांपायी. इंग्रजीत एकटा 'आर' कुठेही टेकतो, आपल्याकडे र, रा, रि, री ही चार वेगळी घरं. म्हणून शब्द निवडताना शेवटचं अक्षर आधी बघायचं. रा, ता, ळा, णी, री हे शेवटाला भरपूर सापडतात. जोडाक्षर असलंच तर ते न छेदलेल्या घरात पडेल असं बघा.

आता तुमचे दोन शब्द. 'राख' घेऊ नका, गरजही नाही. त्याचा शब्द तुम्ही स्वतःच लिहिलाय, 'रात्रपाळी'. बाराखडी आडवी लिहा. तिच्या दुसऱ्या घरातल्या 'रा' पासून रात्रपाळी खाली सोडा. 'त्र' मोकळ्या घरात पडतो, 'पा' आणि 'ळी' पुढच्यांना टेकायला मिळतात. मास्तर आणि थर्मलवाला एका अक्षरात भेटले.

'बाराखडी' साठी एक खूण देतो, पटली तर घ्या: "डझनभर, पुढे रस्त्यावर अंथरायची, पाटीवर मात्र गिरवायची (४)." बारा अधिक खडी. तुमचे वर्गसोबतीही बाराच आहेत, ते लिहिताना लक्षात आलं.

पूर्णाकाठ (परभणी)

ताई, आमच्या वर्गाचा मेळावा मागच्या साली झालता. आम्ही गेलेल्यांचे फोटो मोठे करून आणले, हार घातले, रांगेनं मांडले. सगळे फोटोच्या पाया पडले अन् जेवायला बसले. माझ्या बाकावरचा दोस्त त्या रांगेत होता. मला त्याचं लई सांगायचं होतं. नदीला पूर असताना तो आन् मी म्हशीच्या शेपटीला धरून पलीकडं गेलतो, ते सांगायचं होतं. पण हार घातलेल्या फोटोसमोर म्हशीचं कसं बोलावं? नाही बोललो. घरी येऊन बायकोला सांगितलं.

तुम्ही करायलात ते बरोबर आहे. एकच सांगतो. उत्तर आलं की लगेच पुढच्या खुणेवर जाऊ नका. ज्यानं उत्तर दिलं त्याला विचारा, तुला कसं ठाऊक? तिथून माणसं बोलायला लागतील. त्या मास्तरच्या पोरासमोर भूकंपाचं नाव काढू नका. त्याला ते दुसऱ्यानं सांगायची गरज नाही. बाप जमिनीवर चिंचोके मांडायचा, हे त्याला ठाऊक आहे का बघा. तो तेव्हा वसतिगृहात होता म्हणता.

माजी लिपिक (लातूर)

मी एका हायस्कुलात २९ वर्षं लिपिक होतो. त्या मुलीबद्दल लिहितो.

शाळेत जनरल रजिस्टर असतं, काही ठिकाणी त्याला अजून दाखल-खारीज म्हणतात. हजेरीपट काही वर्षांनी निकालात निघतात, जनरल रजिस्टर कायम जपायचं असतं. मुख्याध्यापकांना अर्ज द्या, मेळाव्याचं कारण लिहा, त्यांच्यासमोर बसून बघा. फोटो काढू नका, तिच्या ओळीशेजारी इतरांचीही माहिती असते.

रकाने असे: पूर्ण नाव, जन्मस्थळ, जन्मतारीख अंकी आणि अक्षरी, आधीची शाळा, प्रवेशाची तारीख, प्रगती, वर्तणूक, शाळा सोडल्याची तारीख, सोडण्याचं कारण, शेरा. बहुतेक जण जन्मतारीख बघून रजिस्टर मिटतात. तुम्ही 'आधीची शाळा' आणि 'कारण' हे दोन रकाने बघा. आधीच्या शाळेवरून गाव कळतं. गाव कळलं की माणूस सापडतो. माझ्या हातून दुष्काळात कमी झालेल्या मुलांच्या दाखल्यांच्या दुय्यम प्रती गेल्या आहेत, म्हणून सांगतो.

गोदाकाठची (गंगाखेड)

सगळ्यांचे आभार. तीन आठवड्यांनी लिहितेय, कारण मध्ये बरंच घडलं.

मुख्याध्यापिका बाई भल्या निघाल्या. रजिस्टर कापडात बांधलेलं होतं, कडा वाळवीनं खाल्लेल्या, पण आमचं पान शाबूत. तिची ओळ सापडली. वर्तणूक: चांगली. प्रगती: चांगली. शाळा सोडल्याची तारीख जानेवारी १९७३ ची. कारण: सतत गैरहजेरीमुळे नाव कमी केले.

आधीची शाळा इथून अकरा किलोमीटरवरच्या खेड्यातली. लिपिक साहेब, तुमचं खरं ठरलं. एसटीनं गेले. पारावर विचारलं, तिचा भाचा भेटला, पन्नाशीचा आहे. मला घरी नेलं. त्याची आई, म्हणजे तिची भावजय, अंथरुणावर आहे पण बोलणं स्वच्छ. तिनं जे सांगितलं ते जसंच्या तसं लिहिते.

बहात्तरला विहिरी आटल्या, बैल विकले, सगळं घर दुष्काळी कामावर गेलं. तिथे पाझर तलावाचं काम चालू होतं. पोरगी पंधरा वर्षांची. आठवडाभर खडी फोडली, हाताला फोड आले. कामावर दुपारी सुकडी वाटायचे आणि रेशनवर तांबडा मिलो मिळायचा, त्याची भाकरी थापली की तुटायची. मुकादमाला लिहिता येत होतं पण अक्षर कोणाला लागायचं नाही, मजुरी वाटताना भांडणं व्हायची. आठव्या दिवशी त्यानं विचारलं, शिकलेलं कोणी आहे का? हिनं हात वर केला. त्या दिवसापासून कामावरची हजेरी ही लिहायची. शेकड्यानं माणसं होती, सकाळी रांगेत उभी राहायची, ही दगडावर बसून एकेकाचं नाव घ्यायची. नावं लिहून झाली की मोठ्यानं परत वाचून दाखवायची, कोणाचा दिवस बुडू नये म्हणून. "तिच्या हजेरीत कधी कोणाचा दिवस बुडाला नाही," भावजय दोनदा म्हणाली. पुढे लग्न होऊन सोलापूरकडे गेली, २०११ साली गेली. लग्नानंतर कधी गंगाखेडला आल्याचं त्यांना आठवत नाही.

परत येताना बसमध्ये मी रजिस्टरातली ती ओळ मनात घोळवत होते. गैरहजेरीमुळे नाव कमी केले. जानेवारी १९७३. त्याच महिन्यात ती रोज सकाळी सगळ्या गावाची हजेरी घेत होती.

शब्द बसमध्येच ठरला. 'हजेरी', तीन अक्षरं. घरी येऊन वही उघडली तर 'तहसील' चं दुसरं घर 'ह'. तिथून हजेरी सरळ खाली उतरली. आणि 'तहसील' च्या शेवटच्या 'ल' वर 'कंदील' वरून येऊन थांबतो. ज्यानं म्हाताऱ्यांचे अर्ज भरले त्याच्या शब्दाला तिचा शब्द लागलाय, ही जागा मी आता हलवणार नाही. तहसील काय, हजेरी काय, दोन्ही वडिलांच्या दफ्तरातले शब्द. असते तर त्यांनी हे दोन्ही माझ्याआधी भरले असते.

खूणही लिहून ठेवली: "पाझर तलावावर दगडावर बसून घेतली, एकाचाही दिवस बुडू दिला नाही (३)." सभागृहात कोणालाही हे उत्तर येणार नाही याची मला जाणीव आहे. ते मी सांगेन. भाच्याला बोलावलंय, तो येतो म्हणाला.

आडवेउभे, रात्रपाळी तुम्ही सांगितल्यासारखी बसली. त्याच्या बायकोला फोन करून शब्द आधीच सांगितला. ती थोडा वेळ गप्प होती, मग म्हणाली, चार वर्षं नाही, साडेपाच. मी दुरुस्त करून घेतलंय. 'बाराखडी' ची तुमची खूण कोडं म्हणून सुंदर आहे. पण ती वाचली तेव्हा मी नुकतीच खेड्यातून आले होते आणि खडीचे फोड ऐकून आले होते. रस्त्यावर अंथरायची खडी मला आता खुणेत नको आहे. शिवाय पूर्णाकाठ म्हणतात ते मनाला लागलं, हा शब्द त्या मुलाला सुटला पाहिजे. म्हणून सोपी केली: "मास्तरांनी अंगणात चिंचोक्यांनी मांडली (४)." वर्ष नाही, गाव नाही.

आता एकच राहिलं. शिंपी. 'हजेरी' चा 'री' तळाला मोकळा आहे, तिथून आडवा शब्द हवा, 'री' नं सुरू होणारा. रीत, रीघ यांच्यापलीकडे मला सुचत नाही, आणि दोन्ही त्याचे नाहीत.

चौथा बाक (पुणे)

हा धागा माझ्या मुलीनं मला पाठवला. मी त्याच वर्गातला, यादीत माझा पत्ता तुला मिळाला नसेल, कारण मी १९८६ पासून पुण्यात आहे. खिडकीजवळचा चौथा बाक, त्यावर शिंपी आणि मी.

रीळ.

त्याच्या वडिलांच्या दुकानात दोऱ्याची लाकडी रिळं रिकामी व्हायची, ती हा खिशात भरून आणायचा. चार रिळं, दोन बोरूच्या काड्या आणि एक काडेपेटी, झाली गाडी. मधल्या सुट्टीत व्हरांड्यात शर्यत लागायची. मला त्यानं हिरव्या कागदाच्या चकत्या लावलेली दिली होती. सातवीतली गोष्ट. वर्गातल्या निम्म्या पोरांकडे त्याची गाडी होती, विचार कोणालाही.

त्या मुलीबद्दल वाचून मी खूप वेळ आठवून पाहिलं. एक आहे, पण खात्री करून मगच घे. सर शनिवारी उत्तरं फळ्यावर भरायला एका मुलीला उठवायचे, कारण तिचं अक्षर मागच्या बाकावरूनही वाचता यायचं. ती तीच का?

गोदाकाठची (गंगाखेड)

रीळ बसलं. आडवं, दोन घरं, 'हजेरी' च्या पायाशी.

फळ्याजवळ जाणारी मुलगी मलाही आठवते, आता तू म्हणालास तेव्हा. पाठमोरी. लांब वेणी, खडूचा हात. चेहरा येत नाही. भावजयीला उद्या फोन करते, वेणी लांब होती का म्हणून.

तुझा पत्ता पाठव. कोडं मोठ्या चौकोनांचं छापतेय, निम्म्या जणांची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झालेली आहे. पेन्सिली मी आणणार आहे. रिकामी रिळं कुठे मिळाली तर तू चार घेऊन ये, लाकडाची.